कडक व्हायचं का समजून घ्यायचं? परत परत उभं राहणारं भांडण हाताळायची पद्धत

काही भांडणं मिटतच नाहीत. मिटल्यासारखी वाटतात, चहा होतो, सगळे हसत घरी जातात आणि पुढच्या हंगामात तीच माणसं त्याच विषयावर परत आमनेसामने. बचत गटात अध्यक्ष म्हणते नियम म्हणजे नियम, अर्ध्या बाया म्हणतात माणुसकी आहे का नाही. शेतकरी कंपनीत एक डायरेक्टर म्हणतो यंदाचा नफा गोदामात टाका, दुसरा म्हणतो सभासदाला आज भाव जास्त द्या नाहीतर तो माल घेऊन व्यापाऱ्याकडे जाईल. घरी बाप म्हणतो वावर सोडून कुठी चालला, पोरगा म्हणतो वावरात काय ठेवलंय. आणि रात्री आडवं पडलं की आपल्याच डोक्यात दोन आवाज, एक म्हणतो किती मरशील जरा थांब, दुसरा म्हणतो थांबलीस तर संपलीस.

मी यवतमाळ-वर्ध्याकडच्या गावांत गटांच्या आणि शेतकरी कंपन्यांच्या मीटिंगा घेते. माझं ठाम मत झालंय की अशी भांडणं "कोण बरोबर?" विचारून सुटत नाहीत, कारण दोन्ही बाजू बरोबर असतात आणि दोन्ही अर्ध्याच बरोबर असतात. यावर एक चांगली पद्धत आहे, एक कागद आणि एक पेन लागतं, लिहिता येत नसेल तर खडू आणि अंगण चालतं. ती पायरी पायरीनं सांगते, एकच उदाहरण शेवटपर्यंत धरून, ते उदाहरण बचत गटाचं.

पायरी १: हा प्रश्न आहे का जोडी आहे, ते आधी बघा

मोटर जळाली, हा प्रश्न. मिस्त्री बोलावला, भरून आणली, संपलं. पण "गटात किती कडक राहायचं" याला असं संपणं नाही. बॅरी जॉन्सन नावाच्या अमेरिकन माणसानं १९९२ मध्ये यावर अख्खं पुस्तक लिहिलं आणि त्याचं मुख्य उदाहरण अगदी साधं आहे: श्वास. आत घेणं चांगलं का बाहेर सोडणं चांगलं, असा वाद कोणी घालत नाही. नुसता आत घेत राहिलात तर जीव घाबरा होतो, नुसता सोडत राहिलात तरी तेच. एक करायचं, वेळ आली की दुसरं करायचं. शिस्त आणि समजून घेणं, बचत आणि खर्च, एकट्यानं ठरवणं आणि सगळ्यांना विचारणं, या सगळ्या तशाच जोड्या आहेत.

ओळखायचं कसं? स्वतःला विचारा की हे भांडण आधी झालंय का, वेगळ्या माणसांमध्ये सुद्धा झालंय का. मग विचारा की एक बाजू कायमची जिंकली तर वर्षभरात जिंकणाऱ्याचंही नुकसान होईल का. दोन्हीला "हो" आलं तर ती जोडी आहे, तिथं निकाल लावायला बसू नका.

इथं एक गोष्ट मला मुद्दाम सांगायची आहे. जिथं मोजमाप आहे तिथं मोजमापच वापरा, उगाच बॅलन्स शोधत बसू नका. मृगाचा पहिला पाऊस आला की शेजारच्याची तिफण निघते आणि आपल्याला घरात बसवत नाही, एकीकडे घाई, एकीकडे थांबणं, वाटतं की हीसुद्धा जोडीच आहे. पण कृषी विद्यापीठ दरवर्षी सांगतं की ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस झाल्याशिवाय कोरडवाहू पेरणी करू नका. मग आपल्या महसूल मंडळात किती पडला ते बघा, बस. दुबार पेरणीचं बियाणं आणि खत परत विकत आणायची वेळ आली की तिथं मनाचा समतोल कामाला येत नाही.

पायरी २: दोन्ही बाजूंना मानाची नावं द्या

ही पायरी छोटी आहे पण इथंच बरेच जण गाडी घसरवतात. तुम्ही फळ्यावर "शिस्त" आणि "ढिलेपणा" असं लिहिलं तर "ढिलेपणा"कडून बोलायला कोण उठेल? तसंच "व्यवहार" आणि "अडाणीपणा", "प्रगती" आणि "जुनाटपणा". नाव लिहितानाच निकाल लागून गेला. नाव असं पाहिजे की त्या बाजूचा माणूस म्हणेल हो, मला हेच पाहिजे. आपल्या उदाहरणात: "शिस्त" आणि "समजून घेणं". घरच्या पैशाच्या भांडणात "कंजुषी-उधळपट्टी" न लिहिता "उद्याची सोय" आणि "आजची गरज" लिहा, अर्धा राग तिथंच उतरतो.

पायरी ३: चार घरं भरा

आता उदाहरण नीट बघू. दहा-बारा बायांचा गट. पंचसूत्री सगळ्यांना पाठ: नियमित बैठक, नियमित बचत, अंतर्गत कर्ज, नियमित परतफेड, नियमित हिशोब. एका बाईनं नवऱ्याच्या दवाखान्यासाठी कर्ज घेतलं आणि तिचे दोन हप्ते राहिले. मीटिंगमध्ये सुरू झालं.

"नियम म्हंजे नियम. आज तिले सोडलं तं उद्या साऱ्या म्हनतीन आमालेबी सोडा."

"अवो बाई, तिच्या घरी चूल पेटून नाई राहिली अन् तू दंडाचं घेऊन बसली?"

"मंग माह्या हप्त्याच्या टायमाले म्या मंगळसूत्र गहाण ठेवलं तवा कोनी इचारलं का मले?"

शेवटचं वाक्य नीट ऐका. ते बोलणारी बाई दुष्ट नाही, तिनं शिस्तीची किंमत मोजलेली आहे आणि आता दुसरीला सवलत फुकटात मिळताना तिला बघवत नाही. असं वाक्य आलं की मी मीटिंग तिथंच थांबवते आणि कागद काढते.

कागदावर अधिकचं चिन्ह काढा, म्हणजे चार घरं होतात. डावीकडे शिस्त, उजवीकडे समजून घेणं. वरच्या दोन घरांत त्या त्या बाजूनं काय भलं होतं ते. खालच्या दोन घरांत फक्त तीच बाजू धरून ठेवली आणि दुसरी विसरली तर काय वाट लागते ते.

शिस्तीच्या वरच्या घरात बायांनी सांगितलेलं साधारण असं येतं: पैसा फिरून परत येतो म्हणून गरिबातल्या गरीब बाईचाही नंबर लागतो, बँक विश्वास ठेवते, हिशोब स्वच्छ राहतो, जवळची-लांबची असा भेद कोणी करू शकत नाही.

शिस्तीच्या खालच्या घरात: बाया खरं सांगणं बंद करतात. हप्ता भरायला मायक्रो फायनान्सचं नाहीतर सावकाराचं कर्ज काढतात आणि गटाच्या रजिस्टरमध्ये सगळं छान दिसतं. मग मीटिंगला यायचं टाळतात, पोराच्या हातून पैसे पाठवतात.

समजून घेण्याच्या वरच्या घरात: अडचण असली की बाई लपवत नाही, सगळ्यांना सांगते. आजारपणात गट उपयोगी पडतो आणि मुळात गट त्यासाठीच केलाय. एकमेकींच्या घरचं माहीत असतं, म्हणून पुढचं कर्ज कोणाला किती द्यायचं तेही बरोबर कळतं.

समजून घेण्याच्या खालच्या घरात: वेळेवर भरणारी मूर्ख ठरते. जी मोठ्यानं रडते तिला सवलत मिळते, जी गप्प बसते ती भरत राहते. पैसा अडकतो, अंतर्गत कर्ज बंद होतं, आणि एक दिवस गट फक्त कागदावर उरतो.

चारही घरं भरली की एक गोष्ट कागदावर आपोआप दिसायला लागते. दंड मागणारी बाई उजवीकडच्या खालच्या घराला घाबरते आणि डावीकडच्या वरच्या घराकडे बोट दाखवते. माणुसकी मागणारी अगदी उलट. दोघी खरंच सांगतायत, फक्त प्रत्येकीला दोन घरं दिसतात आणि दोन दिसत नाहीत. म्हणून एकमेकींशी बोलताना दोघींना वाटतं समोरचीला अक्कल नाही.

पायरी ४: समोरच्याची बाजू तुम्ही लिहा

माझ्या मते सगळ्यात जास्त काम इथं होतं, म्हणून ही पायरी घाईनं उरकू नका, अर्धा तास लागला तरी लागू द्या.

शिस्तवाल्या बायांनी "समजून घेणं"चं वरचं घर भरायचं. समजून घेणाऱ्या बायांनी "शिस्ती"चं वरचं घर भरायचं. स्वतःची बाजू मांडायची नाहीच. भरून झालं की मोठ्यानं वाचायचं आणि ज्यांची ती बाजू आहे त्यांनी दुरुस्त करायचं, त्या जोपर्यंत "हो, हेच म्हणून राहिलो होतो आम्ही" असं म्हणत नाहीत तोपर्यंत पुढं जायचं नाही. पहिल्या फेरीत हमखास टोमणा येतो, "लिहा, माणुसकीनं गट बुडते". तो खोडायचा आणि परत विचारायचं, खरंच काय भलं होतं? दुसऱ्या-तिसऱ्या फेरीला खरं उत्तर येतं. आणि ज्या बाईनं मंगळसूत्र गहाण ठेवून हप्ता भरला होता, तिची ती गोष्ट समोरच्या बाया स्वतःच्या तोंडानं सांगतात, "हिनं असं केलं म्हनून आपला पैसा फिरला", तेव्हा तिचा आवाज खाली येतो. तिला दंडापेक्षा तेच पाहिजे असतं, कोणीतरी पाहिलं पाहिजे एवढंच.

लिहिता येत नसेल तर अंगणात खडूनं चार घरं आखा आणि तुरीचे दाणे किंवा खडे द्या. एकेक मुद्दा मोठ्यानं बोलायचा आणि त्या घरात दाणा ठेवायचा. ज्या बाया मीटिंगमध्ये कधी बोलत नाहीत त्यासुद्धा दाणा ठेवतात, आणि दाणा ठेवला की मागून दोन वाक्यं येतातच.

पायरी ५: धोक्याची खूण आणि ती सांगणारी व्यक्ती ठरवा

बरेच लोक इथं विचारतात की मग मधोमध राहायचं का, थोडी शिस्त थोडी माया? माझं उत्तर नाही असं आहे. मधोमध म्हणजे अर्धा दंड, आणि अर्ध्या दंडानं कोणाचंच समाधान होत नाही. समतोल म्हणजे आपण एका बाजूला जास्त सरकलोय हे लवकर कळणं आणि वेळेत परत फिरणं. त्यासाठी खूण लागते, आणि खूण डोळ्याला दिसणारी पाहिजे. "वातावरण बिघडलं तर" ही खूण नाही. "सलग दोन मीटिंगला एखादीनं पोराच्या हातून पैसे पाठवले" ही खूण आहे, अर्थ असा की आपण फार कडक झालोय, कोणीतरी तिच्या घरी जाऊन या. "एकाच महिन्यात तीन जणींचा हप्ता उशिरा आला आणि कोणी कारणच विचारलं नाही" ही दुसऱ्या बाजूची खूण.

खूण दिसली हे सांगायचं काम अध्यक्षाला देऊ नका. तिच्यावर आधीच एका बाजूचा शिक्का असतो. जी कमी बोलते पण सगळं बघते अशी एक बाई प्रत्येक गटात असते, तिला हे काम द्या आणि रजिस्टरमध्ये तसं लिहा, म्हणजे ती बोलली की कोणी "तुले काय करा लागते" म्हणणार नाही.

पायरी ६: दोन्ही बाजू सांभाळणारा एखादा छोटा नियम काढा

आपल्या गटात असा नियम निघू शकतो: हप्ता चुकायच्या आधी मीटिंगमध्ये येऊन सांगितलं तर दंड नाही आणि नवी तारीख ठरेल, न सांगता चुकवला तर दंड आहे, मग ती अध्यक्ष का असेना. बघा, यात शिस्तही आहे आणि बाईला खरं बोलायची जागाही आहे. असे नियम चार घरं भरल्याशिवाय सुचत नाहीत, कारण तोपर्यंत प्रत्येक जण आपलाच नियम रेटत असतो.

रेटण्यावरून कर्ट लेविन आठवतो. समूह कसे बदलतात याचा हा जुना अभ्यासक. त्याचं म्हणणं असं की कुठलीही परिस्थिती पुढं ढकलणाऱ्या आणि मागं ओढणाऱ्या जोरांमध्ये अडकलेली असते, आणि पुढचा जोर वाढवला की ताण वाढतो, त्यापेक्षा मागं ओढणारी गोष्ट कमी करणं बरं. गटात याचा अर्थ काय? दंड वाढवण्याआधी बघा की हप्ता अडतो कुठं. आपल्याकडे मजुरीचा चुकारा बहुतेक बाजाराच्या दिवशी होतो. मीटिंग बाजाराच्या आदल्या दिवशी असेल तर मजुरी करणाऱ्या बाईच्या हातात पैसा असणारच कसा? मीटिंग बाजाराच्या दुसऱ्या दिवशी घ्या. निम्मे उशीर तिथंच संपतील, ना दंड ना सवलत.

गावपातळीवर, म्हणजे सरपंच, कंपनीचे डायरेक्टर, देवस्थानचे विश्वस्त वगैरेंसाठी

इथली मुख्य जोडी म्हणजे लवकर ठरवणं आणि सगळ्यांना सोबत घेणं. यावर आपल्याच विदर्भात मोठं उदाहरण आहे, गडचिरोलीच्या धानोरा तालुक्यातलं मेंढा-लेखा. २००९ मध्ये वनहक्क कायद्याखाली सामूहिक हक्क मिळवणाऱ्या देशातल्या पहिल्या गावांपैकी हे एक, सुमारे १,८०० हेक्टर जंगल. "दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार" ही घोषणा अनेकांनी ऐकली असेल, पण मला त्या गावाची दुसरी गोष्ट जास्त मोलाची वाटते. तिथं अभ्यास गट वेगळा आणि ग्रामसभा वेगळी. अभ्यास गटात कोणीही यावं, बाहेरचे जाणकार पण यावेत, हवी तेवढी चर्चा करावी, निर्णय मात्र तिथं होत नाही. निर्णय ग्रामसभेत आणि तोही बहुमतानं नाही, सर्वसहमतीनं. म्हणजे बाहेरचं ज्ञान आणि गावाचा अधिकार, हे दोन एकमेकांना ओढणारे जोर त्यांनी दोन वेगळ्या बैठकांत बसवले. दोघांना पूर्ण जागा मिळाली आणि कोणी कोणाला दाबलं नाही.

तुम्ही तेवढं सगळं नाही करू शकलात तरी इतकं करा: चर्चेची मीटिंग आणि ठरावाची मीटिंग वेगळ्या दिवशी ठेवा. मध्ये आठ दिवस जाऊ द्या, पारावर बोलणं होऊ द्या, बायांच्या कानावर जाऊ द्या. आणि दुसरीकडे, कोणत्या गोष्टी सरपंच किंवा मॅनेजर न विचारता करू शकतो त्याची यादी आधीच मंजूर करून ठेवा, नळयोजनेची मोटर बिघडली, अमुक रुपयांपर्यंतची दुरुस्ती, वगैरे. पाण्यासाठी गाव तीन दिवस थांबवून सहमती शोधणं ही लोकशाही नाही.

घरी

डायना बॉमरिंड या मानसशास्त्रज्ञ बाईनं १९६० च्या दशकात आईबाप पोरांना कसे वाढवतात यावर काम केलं. एक प्रकार नुसत्या हुकमाचा, एक सगळं चालवून घेणाऱ्यांचा, आणि एक अपेक्षाही पक्क्या आणि मायाही भरपूर, तिसऱ्याचीच पोरं जास्त जबाबदार आणि स्वतःवर विश्वास असलेली दिसली. यातून शिकायचं ते हे की शिस्त वाढवायला माया कापावी लागत नाही. "पेपरचा अभ्यास रोज झालाच पाहिजे" आणि "नापास झाला तरी घर तुझंच आहे" ही दोन्ही वाक्यं एकाच बापाच्या तोंडून एकाच दिवशी निघू शकतात. आपल्याकडे पहिलं वाक्य सगळे बोलतात, दुसरं मनात ठेवतात. पोराला मनातलं ऐकू येत नाही, भाऊ.

नोकरी का वावर, या भांडणात पण चार घरं काढा, आणि "वावर" बाजूचं वरचं घर पोराला भरू द्या, "बाहेर जाणं"चं वरचं घर बापाला. आई लिहील. बहुतेक घरात असं दिसेल की बापाला पोरगा गेल्याचं दुःख कमी आणि म्हातारपणी दवाखान्यात कोण नेईल याची भीती जास्त. त्याची सोय बोलता येते.

स्वतःच्या डोक्यात

कार्ल युंगनं हेराक्लिटस या जुन्या ग्रीक विचारवंताचा एक विचार उचलला होता की कोणतीही गोष्ट टोकाला नेली की ती उलटते. आयुष्यभर सगळ्यांना "हो" म्हणणारा माणूस एक दिवस क्षुल्लक कारणावरून असा फुटतो की गाव बघत राहतं. राग त्याच्यात आधीपासून होता, त्याला जागा नव्हती. म्हणून जी बाजू तुम्ही कधीच दाखवत नाही तिला आठवड्यातून थोडी जागा द्या, नेहमी मदत करणाऱ्यानं एखाद्या वेळी नाही म्हणावं, नेहमी राबणारीनं दुपारी तासभर पडावं, घर कोसळत नाही.

दुसरी गोष्ट मार्शा लिनेहन यांच्या उपचारपद्धतीतली आहे. आत्महत्येचे विचार येणाऱ्या लोकांवर काम करताना त्यांच्या लक्षात आलं की नुसतं "बदल, सुधर" म्हटलं तर माणूस तुटतो आणि नुसतं "तू आहेस तसा ठीक" म्हटलं तर अडकून राहतो. म्हणून त्यांनी स्वीकार आणि बदल दोन्ही एकत्र बांधले, १९९३ मध्ये त्याचं सविस्तर पुस्तक आलं. आपल्या कामाचा भाग इतकाच: नापिकी झाली की रात्री वहीत दोन वाक्यं लिहा. "पाऊस माझ्या हातात नव्हता आणि मला जमलं तेवढं मी केलं." त्याच्याखाली, "पुढच्या हंगामात मी अमुक वेगळं करणार." एकानं दुसऱ्याला खोडायचं नाही. फक्त पहिलं लिहिलं तर हात खाली पडतात, फक्त दुसरं लिहिलं तर स्वतःला चाबूक मारणं होतं.

कुठं ही पद्धत वापरायची नाही

दारू पिऊन मारहाण, हुंडा, जातीवरून विहिरीवर अडवणं, गटाच्या पैशात घोळ. इथं दोन बाजू नाहीत, चार घरं काढू नका. "तुमी बी समजून घ्या न जी" असं मार खाणाऱ्या बाईला सांगण्यासाठी कोणी हा कागद वापरला तर तो कागद फाडून टाका. १८१ ला किंवा ११२ ला फोन करा. हिशोबात घोळ असेल तर आधी ऑडिट. आणि मनात मरणाचे विचार येत असतील, स्वतःच्या किंवा घरातल्या कोणाच्या, तर १४४१६ हा टेलीमानसचा सरकारी नंबर आहे, पैसे लागत नाहीत, मराठीत बोलतात. वह्या-कागद सगळं त्यानंतर.

पायरी ७: कागद परत काढायचा

हे राहून जातं आणि मग सगळी मेहनत वाया. आपल्याकडे पैशाचा ताण वर्षभर सारखा नसतो, त्यामुळे समतोलाची जागाही सरकते. जूनमध्ये बी-बियाण्यात पैसा अडकलेला असतो, तेव्हा समजून घेण्याकडे झुकावं लागतं. दिवाळीनंतर सोयाबीन-कापसाचे पैसे हातात आले की शिस्तीकडे, तेव्हाच वसुली नीट होते आणि तेव्हाच ढिलं सोडलं तर वर्षभर रडावं लागतं. म्हणून तीनदा कागद काढा: पेरणीआधी, पोळा झाल्यावर आणि कापसाचे पैसे आल्यावर. दरवेळी दोनच गोष्टी विचारा, कोणती खूण दिसली आणि नियम बदलायचा का. दहा मिनिटांचं काम आहे. कागद रजिस्टरच्या शेवटच्या पानावर चिकटवून ठेवा, आणि अध्यक्ष-सचिव बदलले की बँकेच्या पासबुकासोबत तो पण नवीन बाईच्या हातात द्या, तिला बसवून एकदा वाचून दाखवा, आणि गेल्या वर्षी कोणत्या घरावरून जास्त वाद झाला तेही सांगा.